भूत परवडलं पाहिजे

आमचे मामा तालुक्याच्या गावातल्या एकुलत्या एक थेटरात ऑपरेटर होते. ऑपरेटर म्हटलं की हल्लीच्या पोरांना जेसीबी आठवतो. मामांचं यंत्र त्याहून नाजूक आणि त्याहून तापट होतं. कार्बनच्या दोन कांड्या समोरासमोर आणून त्यांच्यामध्ये ठिणगी पाडायची, तो उजेड भिंगातून पडद्यावर सोडायचा, आणि रीळ संपत आलं की पडद्याच्या उजव्या कोपऱ्यात वर जो ठिपका लुकलुकतो तो बघून शेजारचं दुसरं मशीन चालू करायचं. हजार फुटांचं रीळ म्हणजे साधारण अकरा मिनिटं. मामांचं सगळं आयुष्य अकरा-अकरा मिनिटांच्या हप्त्यांनी पुढे सरकलं. लग्नाच्या पंगतीत बसले तरी जिलबीचा दुसरा फेरा येईपर्यंत त्यांची नजर एकदा तरी उजवीकडे वर जायचीच. शेजारच्या माणसाला वाटायचं, मांडव गळतोय.

मामांच्या लेखी सिनेमाचे प्रकार तीन. देवाचे, सासरचे आणि रात्रीचे. देवाचे श्रावणात लागत. त्यांना लोक चपला बाहेर काढून येत आणि जाताना दुसऱ्याच्या घालून जात. सासरचे तीन ते सहा. त्यांना बायका येत आणि डोळ्यांना पदर लावूनच बाहेर पडत. रात्रीचे नऊ ते बारा. त्यांना शेवटची एसटी चुकलेले, साखर कारखान्यातली पाळी संपलेले, घरी भांडण झालेले, आणि मित्राकडे अभ्यासाला गेलेले असे चार वर्ग येत. मी चौथ्या वर्गातला. पेंटर पोस्टरवर सिनेमाच्या नावापेक्षा मोठ्या अक्षरांत 'फक्त प्रौढांसाठी' लिहायचा. पण दारावरच्या माणसाच्या हिशेबात 'ऑपरेटरचा भाचा' हे एक वेगळंच वय होतं. त्याला जन्मतारीख लागत नसे.

रात्रीच्या सिनेमांबद्दल थेटरच्या मालकांचं एकच सूत्र होतं : "भूत परवडलं पाहिजे." मोठ्या हिरोचा सिनेमा आणायचा तर वितरकाला आधी मिनिमम गॅरंटी मोजावी लागे. सिनेमा पडला तरी हिरोच्या बंगल्यावर मजला चढायचा तो चढेच, मालकांच्या घरातला मोरीचा नळ मात्र दोन महिने गळत राही. भुताचं तसं नव्हतं. भुताला मानधन नाही, सेक्रेटरी नाही, तारखांची भानगड नाही. शुक्रवारी यावं, रविवार रात्रीपर्यंत खुर्च्या भराव्यात आणि पुढच्या शुक्रवारी पेटीत बसून मुकाट्याने दुसऱ्या गावी जावं. "असा जावई मिळत नाही," असं मालक म्हणत. त्यांचे जावई तेव्हा शेजारीच बसलेले असत.

हे परवडणारं भूत आपल्याकडे शोधून काढलं ते रामसे कुटुंबाने. वडील फतेहचंद रामसिंघानी, कराचीतले रेडिओ दुकानदार. गोऱ्या गिऱ्हाइकांची जीभ 'रामसिंघानी'वर अडखळायची म्हणून आडनाव कातरून 'रामसे' केलं. गोरे गेले, फाळणी झाली, कराची सुटली, आडनाव मात्र कातरलेलंच राहिलं. मुंबईत लॅमिंग्टन रोडवर पुन्हा दुकान टाकलं. आता लॅमिंग्टन रोडवर एकीकडे रेडिओचे व्हॉल्व्ह मिळायचे आणि दुसरीकडे नाझ बिल्डिंगमध्ये सिनेमाचे वितरक बसायचे. माणसाने संध्याकाळी दुकानाचं शटर ओढून नुसता रस्ता ओलांडला तरी निर्माता होण्याचा धोका! रामसेंनी तो ओलांडला. १९५४ साली भगतसिंगांवरच्या चित्रपटात पैसा घातला, १९६३ला 'रुस्तम सोहराब' काढला. १९७०च्या 'एक नन्ही मुन्नी लड़की थी'ने मात्र हात पोळले.

इथे दुसरं कुठलंही कुटुंब शहाणं होऊन रेडिओकडे परतलं असतं. पण सात मुलांपैकी काहींनी पडलेला सिनेमा थेटरात बसून पाहिला, आणि पडद्याकडे नव्हे, प्रेक्षकांकडे पाहिला. सगळा सिनेमाभर जांभया देणारी माणसं एका प्रसंगाला ताठ होत होती. पृथ्वीराज कपूर भयानक मुखवटा चढवून चोरी करायला येतात, तो प्रसंग. मुलांनी वडिलांना सांगितलं, बाकीचं सगळं सोडा, एवढंच काढू. हा खरा व्यापारी. भेळ खपत नाही, पण तिच्यातली कैरी वेचून खातात म्हटल्यावर त्याने कैरीचीच गाडी लावली.

मग वडिलांनी मुलांना शिकायला धाडलं ते काश्मीरला. बरोबर जोसेफ मॅस्केली नावाच्या अमेरिकन गृहस्थाचं छायाचित्रणावरचं पुस्तक. हाउसबोटीत बसून पोरांनी त्याची पारायणं केली. हिंदी सिनेमाच्या इतिहासात काश्मीरला जाऊन, शिकाऱ्यात गाणं न म्हणता, पुस्तक वाचून परत आलेली माणसं बहुधा हीच. परतल्यावर कामं वाटून घेतली. कुमार लिहिणार, तुलसी आणि श्याम दिग्दर्शन करणार, गंगू कॅमेरा धरणार, किरण ध्वनी पाहणार, अर्जुन कापाकापी करणार, केशू पडेल ते सांभाळणार. सात भाऊ, एक चूल, एक धंदा. आमच्याकडे सात भाऊ असले की एका बांधावरून कोर्टात सात वकील उभे राहतात.

पहिलं भूत त्यांनी कुठे काढावं? महाबळेश्वरला! 'दो गज़ ज़मीन के नीचे', १९७२. नवऱ्याला पुरतात आणि नवरा परत येतो, एवढीच गोष्ट. नट, तंत्रज्ञ, घरचे लोक असे सगळे तिथे जाऊन राहिले, स्वयंपाक घरच्याच बायकांनी केला. जवळपास चाळीस दिवस आणि साडेतीन लाख रुपये, असा हिशेब कुटुंबाने पुढे मुलाखतींतून सांगितला आहे. आपण महाबळेश्वरला दोन दिवस जातो आणि येताना काय आणतो? एक किलो चणे, जॅमच्या दोन बाटल्या आणि घोड्यावर बसलेला एक फोटो, त्यातही घोडाच बरा आलेला असतो. रामसेंनी तिथून अख्खा सिनेमा आणला, आणि तो चालला.

या धंद्याचं मर्म मामांनी मला मशीनच्या खोलीत, घाम पुसता पुसता सांगितलं होतं. "लेका, अंधार फुकट असतो." उजेडात दाखवायचं तर चार भिंती रंगवाव्या लागतात, पडदे शिवावे लागतात, फर्निचर भाड्याने आणावं लागतं. अंधारात एक दार पुरतं, तेही नीट न लागणारं असेल तर उत्तम. तेल न घातलेली बिजागरी म्हणजे निम्मं पार्श्वसंगीत. वर धूर सोडला की काय काय नाही ते दिसत नाही. दिव्यांवर हिरवा, निळा, लाल जिलेटिन कागद लावला की तीच खोली तीनदा वापरता येते. लाल म्हणजे खून, निळी म्हणजे रात्र आणि हिरवी म्हणजे आता काही खरं नाही. आमच्या आईने एका लुगड्याची आधी परकर-पोलकी केली, मग गोधडी केली, मग पायपुसणं केलं. तिला रामसेंच्या तंत्राचं कौतुक वाटलं असतं. मी तिथे नेमका कुठल्या अभ्यासाला जात होतो हे कळलं नसतं तर.

या काटकसरीला पूर्वज होते. मुंबईत परळला वाडिया मूव्हीटोनने १९३५ साली 'हंटरवाली' काढला आणि ऑस्ट्रेलियात जन्मलेल्या मेरी इव्हान्स ऊर्फ नादिया या बाईंच्या हाती चाबूक दिला. गिरणीतला कामगार दिवसभर मुकादमाचं ऐकून रात्री या बाईंकडून पुरुषांना झोडपून घ्यायला येई. पुढे त्याच जागेत शांतारामबापूंचं राजकमल उभं राहिलं. म्हणजे जिथे चाबूक वाजला तिथेच घुंगरू वाजले. बाबूभाई मिस्त्री नावाचे करामतीचे उस्ताद तर काळ्या पडद्यासमोर काळ्या दोऱ्याने वस्तू हवेत नाचवत, म्हणून त्यांचं नावच 'काला धागा' पडलं. आणि आपले भगवानदादा, भगवान आबाजी पालव! 'अलबेला'च्या आधीची कित्येक वर्षं ते याच थोड्या पैशांच्या मारधाडपटांत घाम गाळत होते. पुढे एका पिढीने नाचताना ज्यांची नक्कल केली ते पाय आधी मारामाऱ्यांत तयार झाले होते.

पण भुताचं खरं राज्य आलं ते १९८४ साली, 'पुराना मंदिर'बरोबर. त्यातल्या सामरी नावाच्या सैतानाचं डोकं एकीकडे बंदिस्त आणि धड दुसरीकडे पुरलेलं. डोकं एकीकडे, धड भलतीकडे आणि तरीही दोनशे वर्षं दहशत कायम! अशी व्यवस्था मी पुढे नोकरीत एका कचेरीत पाहिली, पण तिचं नाव सांगत नाही. सामरी झालेले अनिरुद्ध, पडद्यावरचे अजय, अगरवाल हे प्रत्यक्षात रुरकीहून पदवी घेतलेले स्थापत्य अभियंता. जुन्या हवेलीच्या भिंती फोडून बाहेर यायचं तर कुठल्या भिंतीवर भार आहे आणि कुठल्या नाही, हे कळणारा माणूस हवाच. बाकी मंडळी पाहा : नायक मोहनीश बहल, म्हणजे नूतनचा मुलगा आणि शोभना समर्थांचा नातू. शिवाय आपले सदाशिव अमरापूरकर. मध्येच जगदीप 'मच्छर सिंग' होऊन गब्बरची टिंगल करून जातो. एका तिकिटात भूत, तमाशा आणि शेजाऱ्याच्या सिनेमाची चेष्टा. आमच्याकडे तो पाच आठवडे चालला आणि मालकांच्या मोरीचा नळ बदलला गेला.

मला मात्र सामरी पाहताना सारखी आमची भुतं आठवायची आणि त्यांची कीव यायची. मराठी भूत मुळात नोकरदार. त्याची हद्द ठरलेली, झाड ठरलेलं, वेळ ठरलेली. मुंजा पिंपळावर राहणार, त्याची तक्रार काय, तर सोडमुंज राहिली. म्हणजे हा मेल्यावरही कार्यालयाची तारीख मिळण्याची वाट पाहतोय. समंध पुरलेल्या धनावर बसणार, स्वतः खर्च करणार नाही आणि दुसऱ्याला करू देणार नाही. आमच्या निम्म्या आळीत तो जिवंतपणीच होता. कोकणातला देवचार तर वर्षाकाठी आपला मान घेऊन गावाच्या शिवेवर पहारा देणारा. त्याला भूत म्हणणं म्हणजे पोस्टमनला दरोडेखोर म्हणणं. चकव्याचं काम नुसता रस्ता चुकवायचं, आणि तेही हल्ली फोनमधला नकाशा करतो. यातलं एकही भूत कोणाच्या सात पिढ्यांना शाप देत बसत नाही. सात पिढ्या टिकेल एवढी हवेली होती कुणाकडे? सामरीला झुंबरं लागत, तळघर लागे, तैलचित्र लागे. आमच्या मुंज्याला एक पिंपळ आणि वर्षातून एक नारळ. खरं परवडणारं भूत आमचंच होतं, पण त्याला नाझ बिल्डिंगचा पत्ता ठाऊक नव्हता.

एकदा सूत्र सापडलं की नावं ठेवणं सोपं जातं. एका डब्यात 'पुराना', 'खूनी', 'बंद' ठेवायचे, दुसऱ्यात 'मंदिर', 'हवेली', 'महल', 'दरवाज़ा', आणि डोळे मिटून दोन्हींतून एकेक चिठ्ठी काढायची. रामसेंचे 'पुरानी हवेली' आणि 'बंद दरवाज़ा' आले, मोहन भाकरींचा 'खूनी महल' आला, विनोद तलवार मैदानात उतरले. पोस्टरवाल्या पेंटरला तर नाव बदललं तरी चित्र बदलावं लागत नसे. वरच्या कोपऱ्यात सुळे, खालच्या कोपऱ्यात ओली साडी, मध्ये मेणबत्ती.

आता ती गाजलेली रात्र. आमच्या थेटरात आणि नऊ किलोमीटरवरच्या दुसऱ्या गावच्या थेटरात मिळून प्रिंट एकच असे. तिकडचा खेळ बराच आधी सुरू व्हायचा आणि तिकडे उतरलेली रिळं एक पोरगा सायकलवरून आमच्याकडे आणायचा. रस्ता चिंचांच्या झाडांखालून, दिवा नाही. पत्र्याच्या पेटीत भूत, कॅरिअरवर पेटी आणि सीटवर सोळा वर्षांचा पोरगा. सिनेमातलं कोणतंही पात्र याच्यापेक्षा जास्त धोक्यात नव्हतं. एका रात्री त्याची चेन पडली. अंधारात पेटी उपडी झाली, त्याने हाताला लागतील तशी रिळं भरली आणि घामाघूम होऊन मामांपुढे आणून ठेवली. डब्यावरचे आकडे खडूचे, ते पुसलेले. इकडे पडद्याच्या कोपऱ्यात ठिपका लुकलुकला. मामांनी देवाचं नाव घेतलं आणि हाताला आलं ते रीळ चढवलं.

भूत जळून खाक झालं. मग अकरा मिनिटांनी ते थडग्यातून पहिल्यांदा उठलं. ज्या मित्राचा गळा आवळून झाला होता तो जंगलात गाणं म्हणायला लागला. नायकाचा फाटलेला शर्ट एका क्षणात इस्त्रीचा झाला. मी घाबरून मागे पाहिलं. सगळं थेटर जागचं हललं नव्हतं. मेलेलं पुन्हा उठतं हे ज्यांनी तिकिटाच्या खिडकीवरच कबूल केलं होतं, त्यांनी आता कशाला हरकत घ्यावी? सुटताना एक शेतकरी तेवढं म्हणाला, "ह्या येळंला गोष्टीत दम हाय." मालकांनी मामांना रागावणं रद्द केलं आणि दुसऱ्या रात्रीही असंच दाखवता येईल का, असं विचारलं. ते जमलं नाही, कारण क्रम कोणी लिहून ठेवला नव्हता.

खेळ सुटला की शेवटचं काम मामांचं. मेन स्विच पाडायचा आणि बॅटरी घेऊन रिकाम्या थेटरातून एक चक्कर मारायची, कोणी दारू पिऊन खुर्चीत झोपलेलं नाही ना, हे बघायला. त्या अंधारात पाऊल टाकण्याआधी मामा दारात उभं राहून मोठ्याने तीनदा खाकरत. मी एकदा कारण विचारलं. म्हणाले, "झोपलेलं असलं तर उठावं म्हणून." कोण, ते मी विचारलं नाही.

या गोष्टीला एक मळकट बाजूही आहे. नव्वदच्या दशकात पैसा आणखी आटला, तेव्हा काही गावांत सिनेमाशी काडीचा संबंध नसलेले तुकडे मध्येच जोडून दाखवायची पद्धत पडली. भूत नायिकेच्या दारापर्यंत पोचायचं आणि दार उघडल्यावर भलत्याच घरातली भलतीच बाई. त्या बायकांचे चेहरे भिंतीभिंतींवर लागले, नावं मात्र श्रेयनामावलीतही धड आली नाहीत. मामांनी असलं रीळ जोडायला नकार दिला. तत्त्वाचा प्रश्न होताच, शिवाय जोड सुटला तर फिल्म दाबाने फाटते आणि दोष ऑपरेटरवर येतो. काटकसरीचे पैसे नेहमी कोणाच्या तरी खिशातून जातात, आणि या धंद्यात ते बहुतेकदा अशांच्या खिशातून गेले, ज्यांच्या पोशाखाला खिसाच नव्हता.

१९९३ साली रामसेंचं भूत झी टीव्हीवर 'हॉरर शो' होऊन घरोघर आलं आणि मालकांचं सूत्र मोडलं. परवडणाऱ्याला हरवायचं तर फुकटच लागतं. रात्रीच्या खेळाला मग कांती शाहांचे मारधाडपट उरले. त्यांचा १९९८चा 'गुंडा' ज्यांनी पाहिला नाही त्यांना तो समजावता येत नाही, आणि ज्यांनी पाहिला त्यांनाही नाही. मिथुन चक्रवर्ती नायक, पण खरी करामत खलनायकांची. मुकेश ऋषी, शक्ती कपूर, हरीश पटेल आणि आपले मोहन जोशी, जो तो आपली ओळख यमकात करून देतो. मोरोपंतांनी आर्या रचताना जेवढी यमकं जुळवायला घाम गाळला असेल, तेवढी इथे माणूस मारण्याआधी सहज जुळतात. हा सिनेमा थेटरांतून गेला तो आयआयटीच्या वसतिगृहांत जाऊन राहिला. रात्री दोन वाजता, उद्या परीक्षा असताना, भावी अभियंते तो पाठ करत. रुरकीही पुढे आयआयटी झालीच. एका अभियंत्याने केलेलं भूत आणि दुसऱ्या अभियंत्यांनी जिवंत ठेवलेला गुंडा, असं हे घराणं आहे.

मामा आता सत्तरीत आहेत. थेटरचं मंगल कार्यालय झालं, म्हणजे 'सासरचे' तेवढे तिथे अजून चालू आहेत. २०२३ साली 'सिनेमा मरते दम तक' नावाची मालिका आली. या रात्रीच्या सिनेमांचे जुने दिग्दर्शक शोधून काढून, हातात थोडे पैसे देऊन, पुन्हा एकेक छोटा सिनेमा करायला लावलेला. मामा आमच्या फ्लॅटवर आले होते तेव्हा आम्ही ती पाहायला बसलो. पडद्यावर पांढऱ्या केसांचा माणूस सेटवर 'ॲक्शन' म्हणाला आणि मामा ताठ झाले. मध्ये तीन-चारदा त्यांची नजर टीव्हीच्या उजव्या कोपऱ्यात वर गेली. तिथे वाहिनीचं बोधचिन्हही नव्हतं.

नंतर मी त्यांना हल्लीचा एक भुताचा सिनेमा लावून दिला. संगणकावर घडवलेलं भूत, कातडीवरची छिद्रंसुद्धा दिसत होती. मामांनी पाच मिनिटं पाहिलं. "कितीचं आहे?" मी ऐकीव आकडा सांगितला, कोटींतला. मामा म्हणाले, "एवढं महागाचं भूत आपल्या गावाला कशाला येतंय?" आणि झोपायला उठले.

रात्री दीडच्या सुमारास मला जाग आली. मामा पाण्याला उठले होते. आमच्या फ्लॅटमध्ये बेडरूमपासून स्वयंपाकघरापर्यंत सात पावलांचा बोळ आहे. दिव्याचं बटण त्यांच्या हाताशीच होतं, पण वीज जाळायची त्यांना सवय नाही. ते बोळाच्या तोंडाशी थांबले, आणि मोठ्याने तीनदा खाकरले.

त्या बोळात कोणीही झोपत नाही.